लॉन चेनीचे हजार चेहरे: मूकपटातल्या चरित्र अभिनेत्याची कारकीर्द उभी राहिली कशी?

अमेरिकेत जुन्या चित्रपटांवरचा स्वामित्वहक्क ९५ वर्षांनी संपतो. त्यामुळे दर १ जानेवारीला आणखी एका सालचे चित्रपट कुणालाही दाखवायला, कापायला, इंटरनेटवर चढवायला मोकळे होतात. २०२६च्या जानेवारीत १९३० सालचे झाले. याचा परिणाम आपल्या मोबाइलपर्यंत पोचला आहे. मूकपटांचे अर्ध्या-पाऊण मिनिटाचे तुकडे रील म्हणून फिरत असतात आणि त्यांत एक माणूस हटकून दिसतो. कधी त्याचं नाक कवटीसारखं बसलेलं, कधी पाठीवर कुबड, कधी दोन्ही पाय गुडघ्यापासून नाहीत, तर कधी हातच नाहीत. बघणाऱ्याला साहजिकच प्रश्न पडतात. हा खरंच अपंग होता का? सगळ्यांचे चेहरे इतके पांढरेफटक का? आणि माणसं अशी तुरुतुरु का चालतात?

माणूस एकच, लॉन चेनी. जन्म १ एप्रिल १८८३, कोलोरॅडो स्प्रिंग्ज. मृत्यू २६ ऑगस्ट १९३०, लॉस एंजेलिस. आयुष्य ४७ वर्षांचं, चित्रपट दीडशेहून जास्त. ‘हजार चेहऱ्यांचा माणूस’ ही जाहिरातीतली ओळख त्याला इतकी चिकटली की लोक त्याला मेकअपचा जादूगार म्हणतात आणि विषय तिथेच संपतो. खरं तर त्याची कारकीर्द जादूपेक्षा कारागिरीची आहे. फिरत्या नाटक कंपनीत अंगी लागलेली कामं त्यानं कॅमेऱ्याच्या आणि फिल्मच्या मर्यादा ओळखून वापरली, इतकी ती सरळ गोष्ट आहे. पण ती समजायला आधी काही जुन्या गोष्टी समजून घ्याव्या लागतात.

चरित्र अभिनेता म्हणजे नेमका कोण?

त्या काळच्या अमेरिकन नाटक कंपन्यांत नटांची भरती भूमिकेच्या जातीवर होत असे. एक नायक, एक तरुण प्रेमिक, एक खलनायक, एक विनोदी नट आणि एक ‘कॅरेक्टर मॅन’. म्हातारा बाप, सावकार, दर्यावर्दी, चिनी दुकानदार, दारुडा डॉक्टर, जे कुणालाच शोभणार नाही ते या शेवटच्याकडे. यालाच आपण चरित्र अभिनेता म्हणतो. नायकाला स्वतःचा चेहरा विकायचा असतो, त्यामुळे तो दर नाटकात तसाच दिसला तर प्रेक्षक खूश. चरित्र अभिनेता कालच्यासारखा दिसला तर मात्र त्याचं कामच फसलं.

धंद्याच्या दृष्टीनं याचे दोन अर्थ निघतात. पगार नायकापेक्षा कमी, नाव जाहिरातीत खाली. पण कामाला तोटा नाही, आणि वय वाढलं म्हणून कुणी घरी बसवत नाही. चेनीच्या बाबतीतली गंमत अशी की तो आयुष्यभर चरित्र भूमिकाच करत राहिला आणि तरीही चित्रपटगृहांच्या मालकांच्या पाहणीत १९२८ आणि १९२९ साली गल्ला जमवणाऱ्या पुरुष नटांत पहिला आला.

नाटक कंपनीनं त्याला काय दिलं?

चेनी रंगमंचावर आला तो मागच्या दारानं. गावातल्या ऑपेरा हाउसमध्ये तो सामान हलवणारा पोऱ्या होता. गालिचे अंथरणं आणि भिंतींना कागद चिकटवणं ही कामंही तो शिकला होता. १९०२ साली तो पहिल्यांदा प्रेक्षकांसमोर उभा राहिला आणि पुढची दहा-अकरा वर्षं संगीत-विनोदी नाटकं करणाऱ्या फिरत्या कंपन्यांबरोबर हिंडला.

फिरती कंपनी म्हणजे आज या गावात, उद्या पुढच्या. माणसं मोजकी, पैसा त्याहून मोजका. त्यामुळे नटालाच पडदे टांगावे लागत, नाच बसवावे लागत, कपडे सांभाळावे लागत आणि आपलं तोंड आपणच रंगवावं लागे. वेगळा रंगभूषाकार ठेवणं कंपन्यांना परवडायचं नाही. एका नाटकात तीन-तीन भूमिका वाट्याला येत आणि मधे कपडे व चेहरा बदलायला चार-पाच मिनिटं मिळत. नट म्हणून, नृत्यदिग्दर्शक म्हणून आणि रंगमंच व्यवस्थापक म्हणून चेनी या साऱ्यातून गेला. पुढे स्टुडिओत त्यानं जे केलं त्यातलं निम्मं इथलंच आहे.

मग नाटक सोडलं का? त्यामागे घरातली दुर्घटना होती. १९१३ साली लॉस एंजेलिसमध्ये, तो व्यवस्थापक असलेल्या कंपनीचा खेळ चालू होता त्या नाट्यगृहात त्याच्या पत्नीनं, गायिका क्लेव्हानं, विष घेतलं. ती वाचली, पण तिचा गाण्याचा आवाज गेला. वर्तमानपत्रांत बोभाटा झाला आणि नाटकवाल्यांनी चेनीकडे पाठ फिरवली. सिनेमात येणं ही त्याची महत्त्वाकांक्षा वगैरे नव्हती. पोटासाठी जवळ हाच धंदा होता.

दिवसाच्या मजुरीवर नट

१९१३च्या सुमारास युनिव्हर्सल स्टुडिओत किरकोळ कामाच्या नटांना रोजावर घेत. दर तीन ते पाच डॉलर रोज. सकाळी माणसं बाकड्यांवर येऊन बसत, दिग्दर्शकाचा मदतनीस येऊन ‘एक म्हातारा कोळी हवा’, ‘दोन गुंड हवेत’ असं ओरडे, आणि तसा दिसणारा उचलला जाई. चेनीनं इथं रंगपेटी कामाला लावली. काय हवंय ते कान देऊन ऐकायचं, झटकन तोंड रंगवायचं आणि ‘तसा’ माणूस होऊन समोर जायचं. सकाळी एका चित्रपटात दरोडेखोर, दुपारी दुसऱ्यात भिकारी. अनेक चेहऱ्यांची सुरुवात अशी एका दिवसात दोन रोज पाडण्यासाठी झाली.

१९१३ ते १९१८ या काळात त्यानं शंभरच्या वर छोट्या-मोठ्या चित्रपटांत काम केलं. बहुतेक एक-दोन रिळांचे. १९१५मध्ये काही चित्रपट दिग्दर्शितही केले. १९१८मध्ये त्यानं आठवड्याला १२५ डॉलर आणि पाच वर्षांचा करार मागितला. शंभरापेक्षा जास्त लायकी नाही, असं सुनावून स्टुडिओनं ते नाकारलं. तो बाहेर पडला आणि पाच वर्षांनी त्याच स्टुडिओच्या तोवरच्या सर्वांत खर्चिक चित्रपटांपैकी एकात मुख्य भूमिकेत होता.

आपल्याकडेही त्याच सुमारास एका नटानं अनेक रूपं घेणं चालू होतं. अण्णा साळुंके मुंबईत ग्रँट रोडच्या खाणावळीत आचारी होते. दादासाहेब फाळक्यांनी त्यांना ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामती केलं, आणि १९१७च्या ‘लंकादहन’मध्ये राम आणि सीता दोघंही तेच. कारण मात्र वेगळं. इथे बायका पडद्यावर यायला सहसा तयार नव्हत्या.

चेहरे पांढरेफटक का? फिल्मला लाल दिसतच नव्हतं

१९२०च्या दशकाच्या मध्यापर्यंत वापरात असलेल्या फिल्मला ऑर्थोक्रोमॅटिक म्हणत. ही फिल्म निळा आणि हिरवा उजेड टिपते, लाल टिपत नाही. परिणामी लाल वस्तू पडद्यावर काळी उमटते आणि निळी वस्तू पांढुरकी. निळ्या डोळ्यांचा नट आंधळ्यासारखा दिसायचा. गोऱ्या कातडीत रक्ताचा लालसरपणा असतो, तो डागांसारखा काळपट यायचा. ओठांना लाल रंग लावला तर तोंडाच्या जागी भोक.

म्हणून नट चेहऱ्यावर फिकट पिवळसर किंवा पांढुरक्या ग्रीजपेंटचा, म्हणजे तेलकट रंगाचा, थर देत आणि वरून पावडर. डोळ्यांभोवती गडद रेघा. प्रत्यक्षात बघितलं तर भयानक, पडद्यावर साधारण बरं. आजच्या रीलमध्ये त्या जुन्या प्रतीची प्रत, तिची आणखी प्रत, असं होत होत मधल्या राखाडी छटा उडून गेलेल्या असतात आणि उरतं नुसतं काळं-पांढरं. तेव्हाचे प्रेक्षक याहून पुष्कळ चांगलं चित्र बघत होते.

चेनीनं ही अडचण हत्यारासारखी वापरली. नाकपुडी मोठी दाखवायचीय? आत गडद लाल किंवा काळा रंग भरा, फिल्मला तिथं पोकळी दिसेल. गाल खोल हवेत? लालसर-तपकिरी छटा ओढा. रंग डोळ्याला कसा दिसतो हे सोडून तो फिल्मवर काय होईल, याचा अंदाज बांधून तो लावायचा. रंगभूमीवरून आलेले बरेच नट नेमके इथे अडकत. नाटकात पहिली रांगही दहा-पंधरा फुटांवर असते, तेव्हा ठळक सुरकुत्या चालून जातात. क्लोजअपमध्ये कॅमेरा चार फुटांवर येतो आणि सुरकुती ही पेन्सिलची रेघ आहे हे उघडं पडतं. म्हणून सुरकुती रंगवण्याऐवजी ती उठावात घडवावी लागते.

पेटीत काय होतं आणि ते वापरत कसं?

त्याची रंगपेटी लॉस एंजेलिसच्या नॅचरल हिस्टरी म्युझियमनं जपून ठेवली आहे. त्या काळच्या कुठल्याही नटाकडे असतं तेच सामान: ग्रीजपेंटच्या कांड्या, पावडर, स्पिरिट गम (कातडीवर लावायचा डिंक), क्रेपचे (नकली दाढीमिशांचे) केस, नोज पुटी, कापूस, कोलोडियन. १९२९ साली ‘एन्सायक्लोपीडिया ब्रिटानिका’च्या चौदाव्या आवृत्तीत मेकअपवरची नोंद लिहायला त्यालाच सांगितलं गेलं, यावरून त्याचा वकूब कळतो.

नोज पुटी हा मेणचट लगदा. बोटांच्या उबेनं मऊ करून चिकटवायचा आणि कडा बोटानं पातळ करत कातडीत मिसळायच्या. हा फक्त हाडावर बसतो: नाकाचा बांधा, हनुवटी, कपाळ. गालावर लावला की नट बोलला किंवा हसला की सुटतो. नवख्यांची पहिली फजिती बहुधा हीच.

गालासाठी कापूस आणि कोलोडियन. कोलोडियन म्हणजे ईथर आणि अल्कोहोलमध्ये विरघळवलेलं नायट्रोसेल्युलोज. ईथर उडून जातं आणि मागे पातळ, कडक पापुद्रा राहतो. कापसाचा अगदी विरळ थर चिकटवायचा, वरून कोलोडियन, वाळू द्यायचं, मग दुसरा थर. हवा तेवढा उंचवटा झाला की त्यावर रंग. थर जाड दिला आणि कडा विरळ केल्या नाहीत, तर क्लोजअपमध्ये ठिगळ दिसतं. घाम आला की कडा सुटतात, आणि स्टुडिओतल्या कार्बनच्या दिव्यांखाली घाम यायचाच. डोळ्यांजवळ ईथरच्या वाफेनं आग होते. शिवाय कोलोडियन वाळताना आक्रसतं. बोटावर फेविकॉल वाळला की कातडी कशी ओढल्यासारखी होते, तसंच, पण कितीतरी जोरानं आणि दिवसभर. याच ओढीचा फायदा घेऊन जखमेचा खरा वाटणारा व्रण करता येतो, आणि हीच ओढ रोज सहन केली तर कातडी सोलवटते.

‘द फँटम ऑफ द ऑपेरा’चा (१९२५) चेहरा या सामानातून उभा राहिला. गालफडं उंच करायला कापूस आणि कोलोडियन. नाक वर ओढण्यासाठी फिशस्किन नावाची पातळ, चिवट, पारदर्शक पट्टी: एक टोक नाकाच्या शेंड्याला चिकटवायचं, ते वर ताणायचं आणि दुसरं टोक भुवयांच्या मधे चिकटवून वर रंग लावायचा. जोडीला तार. नाकपुड्यांत काळा रंग, डोळ्यांच्या खाचा गडद, डोक्यावर टक्कल दाखवणारी टोपी, तोंडात वेडेवाकडे दात. तयारीला तीन-चार तास. स्टुडिओनं या चेहऱ्याचा एकही फोटो आधी बाहेर जाऊ दिला नाही, त्यामुळे नायिका मेरी फिल्बिन मागून हळूच येऊन मुखवटा ओढते तेव्हा प्रेक्षकांना तो पहिल्यांदा दिसला. ती चौकट एकदा थांबवून पाहावी. तोंड आधी आपल्याकडे वळतं, ती मागे आहे, तिला अजून काहीच दिसलेलं नाही. प्रेक्षक तिच्या आधी दचकतो.

‘मिस्टर वू’साठी (१९२७) त्यानं नाकपुड्या रुंद करायला सिगार ओढायच्या नळीची टोकं आत बसवली आणि लांब नखं रंगवलेल्या फिल्मच्या पट्ट्यांतून कापली. गोऱ्या नटानं चिनी माणूस रंगवण्याची ही पद्धत आज खटकते आणि खटकायलाच हवी. तेव्हाच्या स्टुडिओंत आशियाई नटांना मुख्य भूमिका जवळपास मिळत नसत, हे त्या कौशल्याबरोबर लक्षात ठेवलं पाहिजे.

अंगाचे हाल करून घेतले, हे खरं का?

काही खरं, बरंचसं जाहिरात खात्याचं. ‘द पेनल्टी’मध्ये (१९२०) त्याचे दोन्ही पाय गुडघ्यापासून कापलेले आहेत. यासाठी त्यानं पोटऱ्या मागे वळवून चामडी पट्ट्यांनी मांड्यांना बांधल्या, गुडघे चामड्याच्या खोळीत बसवले आणि मागे राहिलेल्या टाचा ढगळ कोटाखाली लपवल्या. रक्त अडायचं, त्यामुळे काही मिनिटांचेच शॉट घेता येत. मग पट्टे सोडायचे, पाय चोळायचे, पुन्हा बांधायचे. त्या अवस्थेत तो भिंतीला ठोकलेल्या खुंट्यांवरून हातांच्या जोरावर वर चढतो. या चित्रपटातल्या वेदनेबद्दल शंका घ्यायला जागा नाही.

‘द हंचबॅक ऑफ नोत्र दाम’मधल्या (१९२३) कुबडाचं मात्र तसं नाही. ७० पौंडांचं रबर पाठीवर वाहिलं, ही कथा अजूनही सांगितली जाते. अभ्यासकांचं म्हणणं, कुबड प्लास्टरचं होतं आणि वजन वीस पौंडांच्या आसपास. अंग वाकवून दिवसभर तेवढंही खूपच झालं.

आणि ‘द अननोन’मधला (१९२७) पायानं सिगरेट पेटवणारा, हात नसलेला माणूस? त्यातले पाय बहुतांश ठिकाणी चेनीचे नाहीत. पॉल डेस्म्यूक नावाचा, खरोखर हात नसलेला माणूस घेतला होता. चौकटीत वर चेनीचं धड आणि चेहरा, खाली डेस्म्यूकचे पाय. जे शरीरानं होणार नाही ते कॅमेऱ्याच्या कोनानं करायचं, याचं चेनीला वावडं नव्हतं. यातना सोसणारा संन्यासी असं त्याचं चित्र रंगवणाऱ्यांनी या चित्रपटाकडे दुर्लक्ष केलेलं दिसतं.

मग अभिनय कुठे आला?

चेनीचं सगळं काम मेकअपच करतो, हा आक्षेप त्याच्या हयातीतही होता. उत्तर ‘द मिरॅकल मॅन’मध्ये (१९१९) आहे, ज्या चित्रपटानं त्याचं नशीब उघडलं. भूमिका अशी: फ्रॉग नावाचा भामटा लुळ्यापांगळ्याचं सोंग घेतो, मांत्रिकापुढे सरपटत जातो आणि गर्दीसमोर त्याचं अंग एकेक करून ‘सरळ’ होतं. दिग्दर्शकानं आधी खरे कसरतपटू तपासले. त्यांना अंग मुरडता येत होतं, पण अंग सुटताना चेहरा काय करतो ते येत नव्हतं. चेनीला अंग त्यांच्याइतकं मुरडता येत नव्हतं. त्यानं एक डोळा फिरवला, बोटं आखडली, पाय ओढले आणि उरलेलं चेहऱ्यावर सोडलं. या चित्रपटाचे आज काही मिनिटांचेच तुकडे उरलेत. सुदैवानं त्यांत हा प्रसंग आहे.

त्याचे आईवडील कर्णबधिर होते, म्हणून तो मूकपटात चमकला, असं सरसकट सांगतात. यात तथ्य आहे, फक्त ते जरा नीट मांडायला हवं. वडील न्हावी. आईच्या वडिलांनी १८७४ साली कोलोरॅडो स्प्रिंग्जमध्ये कर्णबधिर मुलांची शाळा काढली होती. आई संधिवातानं अंथरुणाला खिळली तेव्हा लॉननं चौथीत शाळा सोडली. दिवसभरात गावात काय घडलं, कोण कसं चाललं, कोण कुणाशी भांडलं, ते तो तिला करून दाखवी. म्हणजे खुणांची भाषा येण्यापेक्षा महत्त्वाचं हे की, लहानपणापासून त्याचा प्रेक्षक समोर बसलेला होता, त्याला ऐकू येत नव्हतं आणि त्याचं लक्ष चेहऱ्यावर व हातांवर होतं.

मूकपट म्हणजे हातवारे आणि डोळे वटारणं, हा समज चेनीला लागू पडत नाही. ‘द अननोन’मध्ये प्रेयसी दुसऱ्याशी लग्न करणार असल्याचं त्याला कळतं तो प्रसंग पाहा. हात नसल्याचं तो आधी सोंगच करत होता; तिला पुरुषांच्या हातांची भीती वाटते म्हणून त्यानं ते खरंच कापून घेतलेले आहेत, आणि ती आनंदानं सांगते की भीती गेली. चेहऱ्यावर ना पुटी ना कापूस. आधी तो हसतो, कारण त्याला ती आपल्याबद्दल बोलतेय असं वाटतं. मग कळतं. हसू पुसलं जात नाही, तेच वाढत वाढत वेड्यासारखं होतं. बराच वेळ कॅमेरा त्याच्यावरच आहे.

आणि ती तुरुतुरु चाल?

ती नटांची नाही, यंत्राची चूक आहे. मूकपटांचे कॅमेरे हातानं हँडल फिरवून चालत. सेकंदाला साधारण १६ ते २२ चित्रं टिपली जात, कॅमेरामनच्या हातावर आणि प्रसंगावर अवलंबून. बोलपट आल्यावर वेग सेकंदाला २४ चित्रं असा पक्का झाला. १६ नं टिपलेलं २४ नं दाखवलं की सगळं दीडपट वेगानं पळतं.

आपल्याच उदाहरणावर हिशेब करून पाहू. ३५ मिमी फिल्मच्या एका फुटात १६ चित्रं बसतात. ‘राजा हरिश्चंद्र’ची लांबी ३७०० फूट, म्हणजे ५९,२०० चित्रं. सेकंदाला १६ धरली तर सुमारे ६२ मिनिटं, २४ धरली तर ४१. वेगवेगळ्या ठिकाणी या चित्रपटाची लांबी कधी चाळीस मिनिटं तर कधी तासभर अशी का छापलेली असते, याचं एक कारण इथे सापडतं. चेनीचा चित्रपट बघताना माणसं पळताना दिसली तर व्हिडिओचा वेग ०.७५ वर आणा. चेहऱ्यावरचे बारीक बदल लगेच दिसायला लागतात.

तो भयपटांचा नट होता ना?

मूठभर चित्रपट सोडले तर नाही. टॉड ब्राउनिंग या दिग्दर्शकाबरोबर त्यानं दहा चित्रपट केले, तेही बहुतेक गुन्हेगारी आणि सूडाचे. एमजीएम स्टुडिओनं स्वतः निर्माण केलेल्या पहिल्या चित्रपटात, १९२४च्या ‘ही हू गेट्स स्लॅप्ड’मध्ये, तो विदूषक आहे. ‘टेल इट टू द मरीन्स’मध्ये (१९२६) त्यानं जवळपास मेकअपशिवाय एका खडूस सार्जंटची भूमिका केली. ती इतकी पटली की मरीन दलानं त्याला मानद सदस्यत्व दिलं. भयपटांचा शिक्का बसला तो मागाहून. त्याचा मुलगा क्रेटन यानं पुढे लॉन चेनी ज्युनिअर हे नाव घेतलं आणि १९४१च्या ‘द वुल्फ मॅन’नं तो भयपटांतच स्थिरावला. बापलेकांची सरमिसळ आजही होते.

बोलपटात टिकला असता का?

बोलपट १९२७च्या अखेरीस आले. चेनी १९३०पर्यंत थांबला. आपल्या चेहऱ्याइतकाच आवाजही दर वेळी बदलता आला पाहिजे, ही त्याची अडचण. शेवटी त्यानं आपल्याच १९२५च्या ‘द अनहोली थ्री’ची बोलती आवृत्ती केली. त्यात तो शब्दभ्रमकार आहे आणि म्हातारीच्या वेशात दुकान चालवतो. बोलणारी बाहुली, पोपट आणि एक मुलगी धरून पाच आवाज त्याचे आहेत. कुणाला शंका नको म्हणून स्टुडिओनं त्याच्याकडून रीतसर प्रतिज्ञापत्र करून घेतलं. आवाज उत्तम जमला होता. पण चित्रपट लागल्यावर काही आठवड्यांतच घशातल्या रक्तस्रावानं तो गेला. कर्करोग होता. चित्रीकरणातला नकली बर्फ घशात गेल्यामुळे हे झालं, ही दंतकथा सोडून द्यावी.

फिल्मचा प्रश्नही होताच. १९२०च्या दशकाच्या शेवटी सगळे रंग टिपणारी पँक्रोमॅटिक फिल्म आणि साधे विजेचे दिवे आले. जुन्या फिल्मच्या आंधळेपणावर बेतलेल्या युक्त्या नव्या फिल्मवर उघड्या पडत. स्टुडिओंनी मेकअपची स्वतंत्र खाती उघडली आणि स्वतःचं तोंड स्वतः रंगवणारा नट ही जात आटत गेली.

त्याचं काम राहिलं किती, आणि बघायचं काय?

दीडशेपैकी शंभरच्या आसपास चित्रपट हरवले आहेत. त्या काळची फिल्म नायट्रोसेल्युलोजची. म्हणजे चेनी गालावर जे वाळवायचा त्याच जातीचं रसायन, आणि ते भडकून पेटतं. न पेटलं तरी वर्षानुवर्षांत चिकट होऊन कुजतं. त्यात मूकपटांना भाव उरला नव्हता. युनिव्हर्सलनं १९४८मध्ये उरलेल्या मूकपटांच्या प्रती स्वतःच नष्ट केल्या, तिथे चेनीची सुरुवातीची वर्षं गेली. ‘लंडन आफ्टर मिडनाइट’ची (१९२७) शेवटची माहीत असलेली प्रत १९६५मध्ये एमजीएमच्या गोदामाच्या आगीत जळाली. त्या चित्रपटाचा म्हणून जो पूर्ण व्हिडिओ कुणी पाठवेल तो स्थिरचित्रं जोडून केलेला किंवा सरळ बनावट असतो. लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या २०१३च्या अहवालानुसार अमेरिकेतल्या जवळपास अकरा हजार पूर्ण लांबीच्या मूकपटांपैकी मूळ रूपात १४ टक्केच उरले आहेत. आपली स्थिती याहून वाईट. सुमारे १३०० भारतीय मूकपटांतले तीसएक शिल्लक आहेत, आणि २००३च्या जानेवारीत पुण्यात नायट्रेट फिल्मच्या गोदामाला लागलेल्या आगीनं जुन्या ठेव्यात आणखी भर घातली ती राखेची.

कधी नशिबानं उलटंही होतं. ‘द अननोन’ कित्येक वर्षं मिळत नव्हता. १९६८मध्ये पॅरिसच्या सिनेमातेक या चित्रपटसंग्रहालयात त्याचे डबे सापडले. ओळख न पटलेल्या चित्रपटांच्या डब्यांवर तिथे ‘अज्ञात’ असंच लिहिलेलं असतं, त्यामुळे हा ‘अज्ञात’ त्या ढिगात निवांत पडून होता. २०२२मध्ये जॉर्ज ईस्टमन म्युझियमनं एका चेक प्रतीतली सुमारे दहा मिनिटं जोडून तो आणखी पुरा केला. सुरुवात या आवृत्तीपासून करावी.

‘फँटम’ निवडताना जरा बघून घ्या. इंटरनेटवर जी स्वच्छ, ठसठशीत प्रत दिसते ती १९२९च्या सुमारास नव्यानं कापलेल्या आवृत्तीची आहे, त्यात प्रसंगांचा क्रम बदललेला आहे. १९२५ची मूळ मांडणी घरी दाखवण्यासाठी काढलेल्या १६ मिमी प्रतींमध्येच टिकली. चित्र धूसर, पण गोष्ट नीट कळते. चेहऱ्याचं काम बघायचं असेल तर पहिली, चित्रपट बघायचा असेल तर दुसरी. ‘हंचबॅक’ मात्र १६ मिमीवरूनच बघावा लागतो, त्याची ३५ मिमी प्रत उरलेली नाही.